सपाट बुडाचं जहाज आणि आत्याचा कोंबडा

रणगाडे वाहायच्या जहाजातून समुद्रावर जाऊन आलेल्या बायका आमच्या मुळशी खोऱ्यात दोनच. एक मी, दुसरी माझी सासू. ती आता नाही. म्हणजे हे सगळं लिहायला मीच उरले आणि माझं खोटं पकडायलाही कोणी उरलं नाही. तरी खरंच लिहिते, कारण खऱ्यात माझी फजिती जास्त आहे.

तेव्हा मी एकोणीस वर्षांची होते. लग्नाला दीड वर्ष झालेलं. सातवी पास. आमच्या वाडीत सातवी पास झालेली बाई मी एकटीच, त्यामुळे सूर्यसुद्धा मला विचारून उगवतो असं मला वाटे. या प्रवासाला निघताना मी मुद्दाम एक वही घेतली होती. ती अजून आहे. पहिल्या पानावर लिहिलंय, "आज प्रातःकाळी आम्ही सागरदर्शनार्थ प्रस्थान केले." प्रस्थान! पायात वहाण नाही, डोक्यावर तांदळाचं गाठोडं, आणि पुढे सासू काखेत कोंबडा धरून चाललेली.

धरणाला वळसा

जायचं कारण आधी सांगते. माझे यजमान श्रीपती आरमारात खलाशी होते. जहाजाचं नाव मी लिहीत नाही. "नाव कुटं बोलायचं न्हाई," असं त्यांनी मला बजावलं होतं, आणि नवऱ्याचं मी ऐकलं अशी ती एकुलती एक गोष्ट असल्यामुळे ती मी जपून ठेवली आहे.

त्यांची नोकरीची मुदत संपत आली होती. पुढे राहायचं तर नव्याने सही करायची. आत्या (सासूला आम्ही आत्याच म्हणायचो) काही केल्या सही करू देईना. तिचं म्हणणं सरळ होतं. लग्न होऊन ती ज्या घरात आली ते घर, ते गाव, ती भातखाचरं, सगळी धरणाच्या पाण्याखाली गेली होती. पाण्याने एकदा सगळं घेतलं, आता पोरगा द्यायचा नाही.

शेवटी ह्यांचं पत्र आलं. "आई, एकदा तू ये आणि जहाज बघ. घरच्या माणसांना एक दिवस समुद्रावर नेणार आहेत. बघून तू नाही म्हणालीस तर मी सही करत नाही, गावाकडे येतो आणि भात लावतो."

पत्र वाचून मीच दाखवलं. 'नाही म्हणालीस तर' एवढा भाग जरा भरभर वाचला. कारण ह्यांनी सही करावी अशी सगळ्यांत जास्त इच्छा माझी होती. सही झाली की मुंबईला बिऱ्हाड मिळेल, मी गोल पातळ नेसून गॅलरीत उभी राहीन, खाली बघून "अहो भाजीवाले" म्हणेन, इथपर्यंत माझं ठरलेलं. सातवी पास बाईने गुडघाभर चिखलात लावणी करायची म्हणजे विद्येचा अपमान, असं माझं ठाम मत होतं. हे मी कोणाला बोलले नव्हते. आत्याला ते न बोलताच कळलं होतं, हे मला फार उशिरा कळलं.

आमची वाडी धरणाच्या वरच्या अंगाला, आणि रस्ता पलीकडच्या काठाला. होडीने अर्ध्या तासाचं पाणी. पण आत्या होडीत कधी बसली नाही. बाजार असो, लग्न असो, मयत असो, ती पाण्याला वळसा घालून अर्धा दिवस चालायची, आणि तिच्याबरोबर जो असेल त्याचेही पाय मोडायचे. त्या दिवशी होडीवाला सखाराम काठावरून ओरडला, "वैनी, बसा की! समिंदरावर निगालाय नि माज्या होडीला भ्येताय व्हय?"

आत्या चालता चालताच म्हणाली, "समिंदरानं अजून माजं काय न्हेलं न्हाई. तुज्या पाण्यानं न्हेलंय."

आता कोंबड्याचं. भात झोडून झालं की आमच्याकडे शिवेवरच्या देवाला राखण देतात. कोंबडा द्यायचा, म्हणजे देव वर्षभर शिवार राखतो. आत्याचा हिशेब असा, की पोराला परत आणायचं ते आणूच, पण इतकी वर्षं ज्या पाण्याने त्याला सांभाळला त्या पाण्याचा मान राहिलाय. तो देऊन मगच पोरगा घेऊन यायचा.

मी म्हटलं, "आत्या, आरमारात असलं चालत न्हाई."

"तुला कसं म्हाईत?"

"पुस्तकात हाय."

"पुस्तकात कोंबडा हाय का?"

"न्हाई."

"मंग गप चाल."

मामंजी गुरांपाशी घरी राहिले. पौडला आम्हाला एस.टी. मिळाली. भूगावाजवळ तेव्हा रस्त्याच्या दोन्ही अंगांना हरभरा आणि मधे धूळ. आज माझी नात तिथेच सातव्या मजल्यावर राहते आणि खिडकी उघडून धूळच झाडते. पुण्यापर्यंत कोंबडा गप्प होता. तिथून पुढे मुंबईपर्यंत तो बोलत होता आणि मी तो आपला नाहीच अशा चेहऱ्याने बसले होते, मांडीवर त्याचीच पिशवी घेऊन.

गावकीची खोली

मुंबईत माझगावला आमच्या खोऱ्याची गावकीची खोली होती. गावचे नऊ जण तिथे पाळीपाळीने राहायचे. कामावरून एक आला की दुसरा निघायचा. बाया आल्या म्हणून त्यांनी सगळी खोली रिकामी केली आणि आपल्या वळकट्या बाहेर नेल्या. माझ्या वहीत त्या दिवशीची नोंद आहे, "मुंबई ही अतिभव्य नगरी आहे." मी तोवर पाहिलं होतं ते एक खोली, एक मोरी आणि नऊ ताटल्या.

आत्याने गाठोडं सोडून आंबेमोहोर शिजत घातला. पहिली वाफ बाहेर गेली आणि माळ्यावरच्या अनोळखी खोल्यांतले लोक दारात येऊन उभे राहिले. कोणी काही मागत नव्हतं. नुसते उभे. आत्याने दोनदा भात टाकला.

जेवताना सगळ्यांचं लक्ष कोंबड्याकडे. एकाने विचारलंच, "काकी, ह्याचा रस्सा कदी?"

"द्येवाचा हाय. हात लावशील तर झडंल."

त्यांच्यात कोंडीबा नावाचे एक म्हातारे होते, गोदीत हमाली करायचे. आत्याच्या बुडालेल्या गावचेच. त्यांनी भात कालवता कालवता विचारलं, "औंदा घरांचं उंबरं दिसलं का गं?"

"दिसलं. चार दिस."

वैशाखात धरणाचं पाणी खाली उतरतं तेव्हा जुन्या गावाच्या जोत्यांचे दगड वर येतात. आत्या दर वर्षी खाली उतरून चिखलातून आपल्या घराच्या उंबऱ्यापाशी जायची, तो धुवायची, हळदकुंकू वाहायची, आणि बाहेरच्या बाजूला थोडा वेळ बसून परत यायची. आत जायची नाही. आत म्हणजे काय, चिखलच होता. मी एकदा शहाणपणाने विचारलं होतं, "आत्या, घरच न्हाई तर उंबऱ्याला कशाला?" त्यावर तिने माझ्याकडे जसं पाहिलं, तसं मला नंतर कोणी पाहिलं नाही.

गोदी

जहाज म्हणजे पांढरं, निमुळतं, शिडांचं, असं माझ्या डोक्यात चित्र होतं. समोर उभं होतं ते राखाडी रंगाचं, बोथट नाकाचं, डबक्यातून उठून आलेल्या म्हशीसारखं.

"ह्ये व्हय?" आत्या म्हणाली. तिला एकदम बरं वाटलेलं दिसलं. म्हशीबद्दल तिला भीती नव्हती.

धक्क्यावर पांढऱ्या कपड्यांतले पंधरावीस खलाशी उभे. त्यातला एक हसत पुढे आला. दीड वर्षात नवरा मी मोजून तेवीस दिवस पाहिला होता. मी लाजून पदर डोक्यावर ओढला, मान खाली घातली आणि पायाच्या अंगठ्याने गोदीचा दगड उकरायला लागले.

"त्यो न्हवं," आत्या मोठ्याने म्हणाली. "त्यो दुसऱ्याचा. तुजा हिकडं मागं हाय."

सगळी रांग हसली. माझे यजमान सगळ्यांत मोठ्याने. पुढे उभी हयात भांडणात हरायची वेळ आली की ते एवढंच म्हणायचे, "त्यो न्हवं."

वर चढल्यावर दुसरी फजिती. जिन्यापाशी कोणी सांगितलं नसताना मी गाववाल्यांकडून मागून आणलेल्या चपला काढून ठेवल्या. दुसऱ्याच्या घरात चपला घालून जायचं नाही, एवढं मला सातवीच्या आधीच शिकवलेलं. पण वरचा लोखंडी तक्ता उन्हाने भाकरीच्या तव्यासारखा तापलेला. आत्याचे पाय आयुष्यभर अनवाणीच चाललेले, ती शांतपणे उभी. मी मात्र एका पायावरून दुसऱ्या पायावर. तेवढ्यात एक तरुण साहेब सगळ्यांचं स्वागत करायला उभे राहिले. इंग्रजीत बोलत होते आणि मी समजल्यासारखी मान हलवत होते. त्यांचं वाक्य संपलं, क्षणभर शांत झालं, आणि माझ्या पिशवीतून कोंबडा आरवला.

साहेब म्हणाले, "ये क्या है?"

मी म्हटलं, "तांदूळ."

ह्यांचा चेहरा कपड्यांपेक्षा पांढरा झाला. तेवढ्यात तात्या पुढे आले. तात्या म्हणजे जहाजावरचे सगळ्यांत जुने खलाशी, मालवणचे, मिशा पिकलेल्या. त्यांनी पिशवीत डोकावून पाहिलं, मग आत्याकडे.

"राखणीचो काय गो बाये?"

आत्याने मान हलवली.

तात्या साहेबांकडे वळले आणि हिंदीत असं काही लांबलचक बोलले की साहेबांनी शेवटी कोंबड्यालाही हात जोडले. काय सांगितलं ते तात्यांनी कधी कोणाला सांगितलं नाही.

जहाजाच्या पोटात

जहाज गोदीतून बाहेर पडलं. वर बायका "अय्या, लाटा" म्हणत होत्या. मी वहीत लिहिलं, "सागराची गंभीर गर्जना ऐकून मन उचंबळून आले." मन नव्हे. सपाट बुडाचं जहाज पाण्यावर थाळीसारखं डुलतं, आणि सकाळी मी पाव, केळी आणि तीन कप चहा घेतला होता. पुढचं पान चिकटलेलं आहे.

तात्या म्हणाले, "खाली चला. पोटात हलणा कमी."

खाली जे होतं ते सांगते. ह्या टोकापासून त्या टोकापर्यंत एकच लांब पोकळी, आमच्या वाडीतली सगळी घरं आत ठेवून वर अंगण उरेल एवढी. समोर नाकाच्या जागी दोन दारं, घट्ट बंद. एक गोणपाट पसरून तात्यांनी आम्हाला बसवलं. मला एक बादली दिली. ती मी पुढे कोणाला दिली नाही.

आत्याने भिंतीवरच्या एका मोठ्या पोच्यावर हात ठेवला. "ह्ये कशानं?"

"रणगाडो आपाटलो," तात्या म्हणाले. आणि मग त्यांनी त्या जहाजाची सगळी नोकरी सांगितली. एकेका पोच्यावर, एकेका डागावर हात ठेवत. त्यांचं मालवणी मला सगळं लिहिता येत नाही, म्हणून माझ्या भाषेत सांगते.

दुसऱ्या मोठ्या लढाईच्या दिवसांत विलायतेत हे जहाज घाईघाईने बांधलं. काम एकच. पोटात रणगाडे घालायचे, जिथे बंदर नाही, धक्का नाही अशा किनाऱ्यावर जायचं, सरळ वाळूत घुसायचं, दारं उघडायची आणि रणगाडे जमिनीवर सोडायचे. तेवढ्यासाठी बूड सपाट. चुलीसारखा काळा डाग होता तिथे पावसात अडकलेल्या शिपायांनी चोरून चहा केला होता. लढाई संपल्यावर ह्याच पोटातून तेच शिपाई घरी पोचवले, नंतर खेचरं नेली. एका खांबावर त्यांच्या दातांच्या खुणा होत्या. मग जहाज आपल्याकडे आलं. सिमेंट नेलं, जीपगाड्या नेल्या, रेल्वेचे रूळ नेले.

"आनी एकदा माणसां," तात्या म्हणाले. "बंगालची. फाळणीत गाव सुटलेली. बेटार वसवूक न्हेली."

आत्या सरळ बसली. "त्येंचं गाव धरणात गेलं व्हतं?"

"नाय गो. त्यांचो गाव थंयच आसा. तेच थंय ऱ्हवाक नायत."

"संगं काय व्हतं त्येंच्या?"

"गायी. बियाणाची पोती. एका म्हातारेन जातां आणलेला. कोपऱ्यात बसान सगळी वाटभर दळी होती. दळूक दाणो नाय, तरी फिरवी होती."

"नि उतरवलं कसं?"

"दार उघडला. चालत गेली."

"जात्यासकट?"

"जात्यासकट."

आत्या नवी नवरी होती तेव्हा घरचे सगळे आपलं गाव सोडून डोंगर चढले होते. पाऊस लागला होता, आणि तिचं जातं खालीच राहिलं होतं. हे मला माहीत होतं, पण तोपर्यंत ते मला सासूच्या नेहमीच्या रडगाण्यातलं एक कडवं वाटायचं.

दुपारी जेवण आलं. डाळ आणि भात. आत्याने एक शीत बोटांत दाबून पाहिलं आणि ह्यांना म्हणाली, "पोरा, ह्यो भात हाय का खडी?"

"आई, सवय झालीया."

"हूं." ते 'हूं' ऐकून माझं बिऱ्हाड, गॅलरी, भाजीवाला, सगळं माझ्या डोळ्यांसमोर बुडालं. मी बादलीवरून डोकं वर काढून म्हटलं, "आत्या, भात वाईट असला तरी जहाज लई चांगलं हाय."

"तुला बादलीतनं दिसलं व्हय?"

किनाऱ्यावर

पलीकडच्या किनाऱ्यावर वाळूची एक रुंद पुळण होती. तात्या आत्याला समजावत होते, की आता आधी मागे, खोल पाण्यात नांगर टाकतील. त्याचा तारेचा दोर सोडत सोडत जहाज पुढे जाईल आणि वाळूत घुसेल. परत निघताना तोच दोर आतून ओढायचा, की जहाज मागे सरकतं. तो दोर नसेल तर गेलेलं जहाज तिथेच पडून राहतं.

मी हे काही ऐकलं नाही. मी डोळे मिटून बादलीशी बोलत होते. त्यामुळे जेव्हा खालून घर्रर्र झालं, सगळं जहाज थरथरलं आणि जागच्या जागी थांबलं, तेव्हा सातवी पास बाईने "बुडालो गं आयं!" अशी आरोळी ठोकली आणि जवळ जो पाय दिसला त्याला मिठी मारली. तो पाय साहेबांचा होता. सोडवायला दोन माणसं लागली.

आत्या तिथे नव्हती. ती पुढे गेली होती.

समोरची दोन दारं बाजूला झाली. त्या अंधाऱ्या पोटात एकदम उजेड आला. मग एक जाडजूड लोखंडी फळी पुलासारखी हळूहळू खाली झुकली आणि तिचं टोक ओल्या वाळूवर टेकलं. वरून पाणी ओघळत होतं. आत्या त्या टोकापाशी उभी होती. तिने कनवटीची पुडी काढली. खाली बसून पदराने फळीचं टोक पुसलं आणि हळदकुंकू वाहिलं. मागे खलाशी, बायका, साहेब सगळे खोळंबलेले. कोणी पुढे पाऊल टाकलं नाही. मग ती उठली, उजवा पाय पुढे टाकून वाळूवर उतरली, आणि वळून पाहिलं.

"माजा उंबरा वर्सातनं चार दिस वर येतोय," ती म्हणाली. "ह्यो म्हणशील तवा येतोय."

माझे यजमान तिच्यासमोर उभे होते. टोपी हातात. मी माझ्या जागेवरून त्यांचा नुसता कान पाहू शकत होते, तो लाल झाला होता.

"कर सही," आत्या म्हणाली.

मी बादली खाली ठेवली. गॅलरी पुन्हा वर आली. भाजीवालासुद्धा.

"पर मागचा दोर बांदूनच जायाचं," आत्या म्हणाली. "ह्या तात्यांनी सांगितलंय मला. दोर नसंल तर जहाज परत येत न्हाई. तुजा मागचा दोर ही." आणि तिने माझ्याकडे बोट दाखवलं. "ही माज्यापाशी वाडीत ऱ्हाईल. लावणीला नि झोडणीला तू दोर ओढत घरला यायचं. कबूल हाय का?"

"कबूल," ते म्हणाले. मला कोणी विचारलं नाही.

मी सातवी पास. ती अंगठा उठवणारी. जहाजाचं सगळं शास्त्र तिने एका दुपारीत शिकून घेतलं आणि जहाज सोडून माझ्यावर वापरलं. "लई पडलंवतं न्हवं तुला सहीचं?" ती माझ्या कानाशी म्हणाली. "घे. झाली."

राखण राहिली होती. तात्यांनी वाळूत उभं राहून हात जोडले, "बा देवा म्हाराजा, ही बाय मुळशीसून कोंबो घेवन इली आसा, हिच्या झिलाक पाण्यात नि पाण्याभायर सांभाळ..." आणि सगळे खलाशी, पंजाबी, मद्रासी, बंगाली, एका सुरात म्हणाले, "व्हय म्हाराजा!" त्यांना ते पाठ होतं. आत्याने कोंबड्यावर पाणी शिंपडलं, तसा तो अंग झाडून तिच्या हातातून निसटला, फळीवरून धावत वर गेला आणि जहाजाच्या पोटात दिसेनासा झाला.

"त्यानं जागा धरली," आत्या म्हणाली. देवाच्या नावाने सुटलेल्या कोंबड्याला मग कोण हात लावणार? तो तिथेच राहिला. अंदमानला दोनदा जाऊन आला. ह्यांच्या पत्रात पहिली चौकशी आईची, दुसरी भाताची, मग कोंबड्याची खुशाली, आणि शेवटी, जागा उरली तर, मी.

परत

पौडपासून पुढे पुन्हा तेच पाणी आडवं आलं. मी गाठोडं डोक्यावर सावरून वळशाच्या वाटेला लागले. दहा पावलं गेल्यावर मागे पाहिलं तर आत्या होडीपाशी उभी.

सखारामच्या हातातली काठी खाली पडली. "वैनी, तुमी?"

"मी. का? कुनाची वाट बगतुयास?"

ती होडीत पुढच्या बाजूला बसली. दोन्ही हातांनी कड धरलेली, बोटांची पेरं पांढरी. अर्ध्या पाण्यात आल्यावर तिने एक हात सोडला आणि पाण्यात घातला. सखारामने वल्हवणं थांबवलं. तोही खोऱ्यातलाच, त्याला सांगावं लागलं नाही.

"हितं," आत्या म्हणाली. "हितं खाली. परसात फणस व्हता. जातं सोप्यात, डाव्या अंगाला."

दीड वर्षात मी तिला तिच्या घराबद्दल एवढं एकदाच विचारलं होतं, ते उंबऱ्याबद्दल, आणि तेही चेष्टेने. आता विचारलं, "कसला फणस, आत्या? बरका का कापा?"

ती काठ येईपर्यंत सांगत होती. बरका होता.

काठ आला. होडीचं नाक चिखलात घुसलं, तसं आत्याने सखारामला दरडावलं, "आरं, मागं दोर टाकलास का न्हाई? माणसं उतरवाय लागलाय तसाच!"

"वैनी, होडीला कशाचा दोर?"

"काय म्हाईत न्हाई तुला," ती म्हणाली आणि माझ्या खांद्यावर हात ठेवून खाली उतरली. वर वाडीत जाईपर्यंत तो हात तिने काढला नाही.